गाडीवाट, जहाज आणि कचेरी

रायपूर शहराच्या जुन्या भागात ब्राह्मणपारा ही वस्ती आहे. तिच्या शेजारीच तात्यापारा आणि थोडे पलीकडे बूढापारा. ‘पारा’ म्हणजे छत्तीसगढी बोलीतला मोहल्ला. पुण्याकडचा मनुष्य त्याला आळी म्हणेल. या मुलखात मराठी माणसे स्थायिक झाली ती बहुतांशी तलवारीच्या मागोमाग नव्हे, तर कचेरीच्या मागोमाग. आणि कचेरी कशी असावी, हे त्या काळी राजाच्या मर्जीपेक्षा वाटेच्या लांबीवर अधिक ठरत असे.

नागपूरकर भोसल्यांचे सेनानी भास्करराम कोल्हटकर यांनी १७४१ मध्ये रतनपूर घेतले. पुढे १७५८ पासून बिंबाजी भोसले तेथे राहू लागले. दरबारात मोडी लिपी आली. दसऱ्याला सोने लुटण्याची चाल आली. बिंबाजी जातीने रतनपुरास राहत होते, हीच त्या कारभारातील मुख्य गोष्ट. १७८७ मध्ये ते वारले. वारसा व्यंकोजी भोसल्यांकडे गेला, आणि त्यांनी नागपुरात राहूनच छत्तीसगढ चालविण्याचे ठरविले. येथून सुभेदारांचा अंमल सुरू झाला, तो १८१८ पर्यंत चालला.

नागपूर आणि रायपूर यांमधले अंतर सुमारे २९० किलोमीटर. रतनपूर त्याहूनही लांब. वाटेत रान, घाट आणि नद्या. पावसाळ्यात गाडीवाट बंदच. अशा वाटेच्या टोकाला बसलेल्या सुभेदाराला धन्याच्या हुकुमाची वाट पाहत बसून चालत नसे. विठ्ठल दिनकर या सुभेदाराने मुलखाचे परगणे पाडले आणि परगण्यावर कमाविसदार नेमले. हिशेब ठेवावयास फडणीस, खाली गावोगाव पाटील. योजना शहाणपणाची होती. परंतु जे अंतर सुभेदाराला मोकळीक देई, तेच रयतेला निराधार करी. नागपुरास वसूल वेळेवर पोहोचला म्हणजे तो कसा जमविला याची विचारपूस फारशी होत नसे. गाऱ्हाणे नागपुरास जाऊन निकाल परत येईतो हंगाम उलटून जाई.

ही कचेरी म्हणजे इमारत नव्हती. ती एक बैठक होती. जाजम, गादी, लोड, पुढे कलमदान, दौत आणि बोरू. कागद रुमालात बांधून ठेवावयाचे. मुक्काम हलला की रुमाल उचलून गाड्यावर घालावयाचे. ‘फड’ हा शब्दच मुळी एकत्र बसलेल्या माणसांचा आहे, भिंतींचा नव्हे. पुण्याचे हुजूर दफ्तर मोठे म्हणून त्याचे फड, चालते दफ्तर, एकबेरीज असे विभाग होते. पण तेथेही कारकून मांडी घालूनच बसे. त्या दफ्तराचे सुमारे ३५,००० रुमाल ठेवण्यासाठी आगीपासून निर्धोक अशी खास इमारत झाली ती इंग्रजी अमलात, १८९१ च्या सुमारास.

१८१८ मध्ये नागपूरचा कारभार इंग्रज रेसिडेंट जेंकिन्स याच्या हाती गेला. छत्तीसगढवर आधी एडमंड्स आणि मग ॲग्न्यू हे अधिकारी आले. मुख्य ठाणे रतनपुराहून रायपुरास हलले. ॲग्न्यूने २७ परगण्यांचे ८ आणि पुढे ९ केले. मात्र आता वाट नागपुराशी संपत नव्हती. ॲग्न्यू जेंकिन्सला लिही, जेंकिन्स कलकत्त्यास लिही, आणि कलकत्त्याहून मजकूर शिडाच्या जहाजाने, आफ्रिकेला वळसा घालून, पाच-सहा महिन्यांनी लंडनला पोहोचे. जहाज बुडाले तर काय, म्हणून नकला निरनिराळ्या जहाजांनी रवाना करीत. उत्तर येण्यास वर्ष सहज लागे, कित्येकदा दोनही.

या समुद्रानेच कंपनीची लंडनमधील कचेरी घडविली. लेडनहॉल स्ट्रीटवरचे ‘ईस्ट इंडिया हाऊस’ हे जगातील आरंभीच्या मोठ्या कार्यालयांपैकी एक. ज्याला प्रश्न तोंडी विचारता येत नाही, त्याला तो सविस्तर लिहावा लागतो. लिहिलेले जपावे लागते, पुन्हा सापडावे लागते. म्हणून तेथे खोल्या, कपाटे आणि टिपणांच्या थप्प्या वाढल्या. जॉन स्टुअर्ट मिल याने १८२३ ते १८५८ पर्यंत तेथे बसून हिंदुस्थानला जाणारे खलिते तयार केले. हिंदुस्थान त्याने कधी पाहिला नाही. सुभेदाराला मुलूख ठाऊक होता पण त्याला विचारणारा जवळ नव्हता; मिलच्या कचेरीत विचारणारे पुष्कळ होते, पण मुलूख दिसत नव्हता. रायपूरच्या शेतकऱ्याला यातले कोणते बरे, हे सांगणे अवघड आहे.

१८३० मध्ये ‘ह्यू लिंडसे’ ही आगबोट मुंबईहून सुमारे एका महिन्यात सुएझला पोहोचली. १८६५ मध्ये हिंदुस्थान आणि इंग्लंड तारेने जोडले गेले. ईस्ट इंडिया हाऊस त्यापूर्वीच पाडले गेले होते.

जमिनीवरची वाट मात्र रेंगाळतच राहिली. मुंबईहून आगगाडी १८६७ मध्ये नागपुरास आली आणि तेथेच थबकली. १८७७ मध्ये चौदा वर्षांचा नरेंद्रनाथ दत्त, म्हणजे पुढचे स्वामी विवेकानंद, आईबरोबर रायपुरास आला, तो नागपूरपासून बैलगाडीने. पंधरा दिवसांहून अधिक लागले. वाटेतल्या डोंगरांनी त्या मुलाचे भान हरपले, हे चरित्रकारांनी नोंदविले आहे. वसूल घेऊन त्याच वाटेने जाणाऱ्या कारकुनाचे भान कशाने हरपत असेल, ते कोणी नोंदविलेले नाही. रूळ राजनांदगावास १८८२ मध्ये पोहोचले, त्यानंतर रायपुरास; सुभेदाराची मोकळीक त्या दिवशी खऱ्या अर्थाने संपली.

कार्यालयाच्या रचनेचे शास्त्र विसाव्या शतकात पुष्कळ पुढे गेले. १९५० नंतरच्या दशकात हँबुर्गजवळच्या क्विकबोर्न येथील श्नेले बंधूंनी भिंती काढून टाकल्या आणि कागद ज्या क्रमाने हातोहात जातो त्या क्रमाने मेजे मांडली. युरोपला ही कल्पना अगदी नवी वाटली. फडावर बसलेल्या मोडी कारकुनाला ती तितकी नवी वाटली नसती. खुर्ची मात्र वाटली असती.

१ नोव्हेंबर २००० रोजी छत्तीसगढ राज्य झाले, तेव्हा रायपुरात सचिवालयाला इमारत नव्हती. दाऊ कल्याणसिंह रुग्णालयाच्या इमारतीत ते भरले. खाटांच्या जागी मेजे आली. २०१२ मध्ये मंत्रालय नव्या रायपुरातील महानदी भवनात गेले, आणि २०१८ मध्ये जुन्या इमारतीत पुन्हा रुग्णालय सुरू झाले. ब्राह्मणपाऱ्यापासून महानदी भवन वीस-पंचवीस किलोमीटर आहे. बैलगाडीच्या हिशेबाने ती एका दिवसाची मजल होते.