नोकरी सांभाळून शिक्षण: मुंबईतील रात्रशाळांचा आणि प्रौढांच्या महाविद्यालयांचा इतिहास

नोकरी करीत शिकणाऱ्या प्रौढ माणसाने शिक्षणसंस्था कशी निवडावी, हा प्रश्न वरवर पाहता आवडीनिवडीचा वाटतो. मुंबईच्या औद्योगिक इतिहासात मात्र त्याचे उत्तर बहुतेक वेळा गिरणीचा भोंगा, कचेरीचे घड्याळ आणि लोकलचे वेळापत्रक यांनीच दिलेले दिसते. वडिलांच्या खर्चाने शिकणारा विद्यार्थी महाविद्यालयाचे नाव, तेथील प्राध्यापक आणि परीक्षेचे निकाल पाहून प्रवेश घेतो. कमावता माणूस आधी वर्ग किती वाजता भरतो, कामावरून सुटून तेथे वेळेत पोहोचता येईल का आणि महिन्याच्या पगारातून फी भागेल का, हे पाहतो आणि विषयाचा विचार त्यानंतर करतो. त्यामुळे रात्रशाळा, सकाळची महाविद्यालये, टायपिंगचे वर्ग आणि मुक्त विद्यापीठ यांचा इतिहास समजून घ्यायचा असेल, तर कामाच्या तासांचा इतिहास शेजारी ठेवूनच तो वाचावा लागतो.

महाराष्ट्रात रात्रशाळांच्या परंपरेचा आरंभ पुण्यात झाला. जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांनी १८५५ मध्ये, दिवसभर शेतात व मजुरीवर राबणाऱ्या स्त्रीपुरुषांसाठी रात्रीची शाळा सुरू केली. मुलींच्या आणि अस्पृश्य मानलेल्या मुलांच्या शाळांइतकी ती प्रसिद्ध नाही. परंतु शिक्षणाने शिकणाऱ्याच्या सोयीची वेळ धरली पाहिजे, हे तत्त्व येथे प्रथम आचरणात आले. पुढे १८८२ मध्ये विल्यम हंटर यांच्या अध्यक्षतेखालील शिक्षण आयोगापुढे दिलेल्या निवेदनात जोतीरावांनी मोडी व बाळबोध वाचन-लेखन आणि हिशेब यांच्या जोडीला शेतीचे व आरोग्याचे प्राथमिक ज्ञान शिकविण्याची मागणी केली. ही मागणी प्राथमिक शाळांपुरती होती, तरी शिक्षणाचा पोटापाण्याशी संबंध असावा हा तिच्यातील आग्रह पुढील शंभर वर्षांच्या प्रौढ शिक्षणात पुनःपुन्हा प्रकट झाला.

मुंबईत याही आधी, १८४७ मध्ये, टांकसाळीतील व सरकारी गोदीतील काही तरुण कारागिरांनी मेकॅनिक्स इन्स्टिट्यूट स्थापन केली होती. यंत्रांचे नमुने आणि तांत्रिक पुस्तके यांचा संग्रह करून कामाच्या वेळेबाहेर एकमेकांचे ज्ञान वाढविणे, हा तिचा उद्देश होता. डेव्हिड ससून यांच्या देणगीतून १८७० मध्ये काळ्या घोड्याजवळ तिची देखणी इमारत उभी राहिली, परंतु ज्या कारागिरांसाठी संस्था निघाली ते मागे पडत गेले आणि ती शहरातील वाचनप्रेमी मंडळींचे ग्रंथालय बनली.

खरी अडचण गिरण्यांत होती. कावसजी दावर यांची पहिली कापडगिरणी १८५६ मध्ये सुरू झाली आणि पुढील काही दशकांत परळ, लालबाग, भायखळा हा सारा परिसर, म्हणजेच गिरणगाव, कोकण आणि घाटावरून आलेल्या कामगारांनी भरून गेला. १८८१ च्या पहिल्या फॅक्टरी कायद्याने केवळ बालकामगारांच्या तासांवर बंधन घातले. प्रौढ पुरुषाच्या कामाला कायद्याने कोणतीच मर्यादा नव्हती. जोतीरावांचे सत्यशोधक सहकारी नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ मध्ये गिरणी कामगारांच्या वतीने जे निवेदन तयार केले, त्यात रविवारची सुट्टी, दुपारी अर्ध्या तासाची विश्रांती आणि सकाळी साडेसहाला सुरू होणारे काम सूर्यास्ताला थांबविणे या मागण्या होत्या. रविवारची सुट्टी १८९० मध्ये मिळाली. सूर्यास्ताची मागणी मात्र मान्य होण्याऐवजी उलटीच फिरली, कारण विसाव्या शतकाच्या प्रारंभी गिरण्यांत विजेचे दिवे आले आणि अंधार पडला म्हणून साचे, म्हणजे माग, बंद करण्याचे कारणच उरले नाही. १९११ च्या कायद्याने कापडगिरणीतील प्रौढ पुरुषाचा दिवस बारा तासांवर आणला, १९२२ च्या कायद्याने आठवड्याचे तास साठ केले, १९३४ मध्ये ते चौपन्न झाले आणि स्वातंत्र्याच्या सुमारास अठ्ठेचाळीसवर आले. कायदा जसजसा तास कमी करीत गेला, तसतशी कामगाराच्या संध्याकाळी पुस्तकाला जागा होत गेली.

याच काळात उभ्या राहिलेल्या व्हिक्टोरिया ज्युबिली टेक्निकल इन्स्टिट्यूटचे उदाहरण बोलके आहे. राणी व्हिक्टोरियाच्या राज्यारोहणाच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त १८८७ मध्ये स्थापन झालेली आणि १९२३ मध्ये माटुंग्याला गेलेली ही संस्था, जी आज वीरमाता जिजाबाई तंत्रज्ञान संस्था म्हणून ओळखली जाते, देशातील तांत्रिक शिक्षणाच्या अग्रणी संस्थांपैकी एक होय. लँकेशायरहून आणलेल्या विणाई मास्तरांच्या जागी देशी माणसे बसविण्यात तिचा वाटा मोठा आहे. तथापि, तेथील शिक्षण इंग्रजीतून होत असे आणि त्याआधीचे शालेय शिक्षण आवश्यक असे. त्यामुळे साचेखात्यात दोन साचे चालविणाऱ्या विणकराला, ज्याचे सारे कौशल्य मुकादमाच्या हाताखाली पाहून पाहून आलेले असे, ती संस्था चालत जाण्याच्या अंतरावर असूनही फार दूरची होती. मुकादम म्हणजे माणसे भरती करणारा, त्यांना काम शिकविणारा आणि त्यांच्यावर देखरेख ठेवणारा मध्यस्थ. गिरणगावातील व्यवसायशिक्षण दीर्घकाळ त्याच्याच हाती राहिले.

ही दरी ओळखून काम सुरू केले ते ना. म. जोशी यांनी १९११ मध्ये स्थापन केलेल्या सोशल सर्व्हिस लीगने. लीगने गिरणगावात रात्रशाळा आणि वाचनालये काढली आणि परळ येथे कापडधंद्याचे तांत्रिक शिक्षण देणारी शाळाही चालविली. अशा रात्रीच्या वर्गांचे स्वरूप आजच्या वाचकाने नीट ध्यानात घ्यावयास हवे. विद्यार्थी पहाटे उठून गिरणीत गेलेला, एका गाळ्यात दहा-पंधरा जणांबरोबर राहणारा आणि खाणावळीत जेवणारा. पाळी बदलली की त्याचा वर्ग सुटे, गणपती-शिमग्याला किंवा शेतीच्या हंगामाला तो गावी गेला की महिनाभर पाटी कोरी राही, आणि तो परतेपर्यंत वर्ग पुढे गेलेला असे. अशा विद्यार्थ्याला सामावून घ्यायचे, तर अभ्यासक्रमाचे लहान लहान तुकडे पाडावे लागतात आणि सुटलेला धडा पुन्हा शिकविण्याची तयारी ठेवावी लागते. रात्रशाळेतील शिक्षकाचे हे कौशल्य शिक्षणशास्त्राच्या ग्रंथांत क्वचितच नोंदले जाते, आणि ही त्याची उपेक्षा अन्यायाची आहे.

स्त्रियांच्या बाबतीत वेळेची अडचण निराळी होती, कारण घरकामाला पाळी नसते. रमाबाई रानडे यांनी १९०९ मध्ये सुरू केलेल्या पुण्याच्या सेवासदनाने विवाहित आणि विधवा अशा प्रौढ स्त्रियांना समोर ठेवून शिक्षिका, परिचारिका आणि शिवणकाम करणाऱ्या स्त्रिया तयार केल्या. परिचारिकांचे प्रशिक्षण ससून रुग्णालयात होत असे. शिक्षण संपताच मिळकतीचा मार्ग दिसावा, हा विचार सेवासदनाच्या अभ्यासक्रमात जितका स्पष्ट होता, तितका तो त्या काळच्या पुरुषांच्या महाविद्यालयांतही नव्हता.

पदवीच्या शिक्षणात नोकरदारांची कोंडी फोडण्याचे श्रेय डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्याकडे जाते. पीपल्स एज्युकेशन सोसायटीची स्थापना त्यांनी १९४५ मध्ये केली आणि १९४६ च्या जूनमध्ये मुंबईत सिद्धार्थ महाविद्यालय सुरू झाले. त्याची पहिली जागा लष्कराने वापरलेल्या बराकींत होती; नंतर ते फोर्ट भागातील आनंद भवन आणि बुद्ध भवन या इमारतींत आले. तेथील व्याख्याने सकाळी लवकर होत, त्यामुळे सरकारी व खासगी कचेऱ्यांत कारकुनी करणारा तरुण तास संपवून पायी कचेरी गाठू शकत असे. फोर्टची निवडही विचारपूर्वक होती असे म्हणावे लागते, कारण बोरीबंदर आणि चर्चगेट ही दोन्ही स्थानके जवळ असल्याने उपनगरांतून येणाऱ्याला वेगळा प्रवास करावा लागत नसे आणि रेल्वेचा एकच पास नोकरीला व शिक्षणाला पुरत असे. मागासलेल्या जातींतील तरुणांना नोकरी सोडून शिकणे परवडणारे नव्हते, आणि न शिकता वरच्या जागेवर जाणे शक्य नव्हते. ही अडचण बाबासाहेबांनी उपदेशाने न सोडविता वेळापत्रकाने सोडविली. सोसायटीने पुढे १९५३ मध्ये वाणिज्य आणि १९५६ मध्ये विधी महाविद्यालय काढले, म्हणजे हिशेबनीस आणि वकील या दोन व्यवसायांची दारेही नोकरदारांना उघडली. महाविद्यालय सर्व जातींना खुले होते आणि तेथे शिकलेल्यांत सर्व थरांतील नोकरदार होते, ही गोष्ट विसरता कामा नये.

पदवीपेक्षा लवकर फळ देणारी संस्था मात्र प्रत्येक पेठेत आणि प्रत्येक रेल्वे स्थानकाबाहेर होती, ती म्हणजे टायपिंग आणि लघुलेखनाचा वर्ग. एखाद्या वाड्याच्या किंवा चाळीच्या माडीवर दोन रांगांत मांडलेली जुनी रेमिंग्टन, आणि गोदरेजने १९५५ मध्ये पहिले भारतीय टंकलेखन यंत्र बनविल्यानंतर त्या कंपनीचीही यंत्रे, असे या वर्गाचे रूप असे. सकाळी लवकर सुरू होणाऱ्या एकेका तासाच्या तुकड्या रात्रीपर्यंत चालत. डाव्या हाताच्या बोटांनी ए, एस, डी, एफ आणि उजव्या हाताच्या बोटांनी सेमीकोलन, एल, के, जे ही अक्षरे कळफलकाकडे न पाहता उमटेपर्यंत तोच सराव चाले. ओळ संपत आली की घंटी वाजे आणि दट्ट्या सरकवून पुढील ओळ धरावी लागे. शासनमान्य परीक्षा मिनिटाला तीस आणि चाळीस शब्दांच्या वेगाची असे आणि तिचे प्रमाणपत्र लिपिकाच्या नोकरीला थेट उपयोगी पडे. विद्वानांनी या वर्गांची फारशी दखल घेतलेली नाही, तरी महाराष्ट्रातील निम्नमध्यमवर्गाला कचेरीत पोहोचविणारी अशी दुसरी संस्था दाखविणे कठीण आहे.

१९५० नंतर कारागीर प्रशिक्षण योजनेतून औद्योगिक प्रशिक्षण संस्था, म्हणजे आयटीआय, निघाल्या आणि १९६१ च्या शिकाऊ उमेदवारी कायद्याने कारखान्यातील कामालाच शिक्षणाचा दर्जा दिला. मुंबई विद्यापीठाने १९७१ मध्ये पत्रद्वारा शिक्षण सुरू केले आणि १९८९ मध्ये नाशिकला यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठ स्थापन झाले. मुक्त विद्यापीठ म्हणजे प्रवेशासाठी आधीच्या शालेय प्रमाणपत्राची अट शिथिल करणारे आणि गावोगावच्या महाविद्यालयांत अभ्यास केंद्रे ठेवून सुट्टीच्या दिवशी मार्गदर्शन करणारे विद्यापीठ. शाळा अर्धवट सुटलेल्या प्रौढालाही पूर्वतयारी परीक्षा देऊन तेथे पदवीला बसता आले. वेळेचा प्रश्न यामुळे बराच सुटला, पण हाताने शिकण्याचे विषय पुस्तकांच्या गठ्ठ्याने शिकविता येत नाहीत. यंत्रशाळा, प्रयोगशाळा आणि रुग्णालय यांच्याजवळ शिकणाऱ्याला जावेच लागते, आणि म्हणून घराजवळच्या स्थानिक संस्थेचे महत्त्व पत्रद्वारा शिक्षणाच्या काळातही कमी झाले नाही.

जानेवारी १९८२ मध्ये सुरू झालेल्या गिरणी संपानंतर गिरणगावातील कामच नाहीसे होत गेले. रात्रशाळांच्या बाकांवर गिरणी कामगारांऐवजी दुकानांतील नोकर, सुरक्षारक्षक, घरकाम करणाऱ्या स्त्रिया आणि हॉटेलांतील मुले दिसू लागली. यांच्यापैकी अनेकांच्या कामाचे तास प्रत्यक्षात कायद्याच्या चौकटीत नीट बसत नाहीत, आणि ज्या शाळांच्या इमारतींत त्यांचे वर्ग भरतात तेथील प्रयोगशाळा आणि ग्रंथालय दिवसाच्या शाळेबरोबर अनेक ठिकाणी कुलूपबंद होतात. आज नोकरी सांभाळून व्यवसायशिक्षण घेऊ पाहणाऱ्याने माहितीपत्रकातील छायाचित्रांवर विसंबू नये. यंत्रशाळा संध्याकाळी प्रत्यक्ष उघडी असते का, प्रमाणपत्राला शासनाची मान्यता आहे का, आणि पाळी बदलल्यास दुसऱ्या तुकडीत बसू देतात का, हे प्रवेशापूर्वी संस्थेत जाऊन विचारावे. शासनाने आणि संस्थाचालकांनी दिवसाच्या शाळांतील प्रयोगशाळांच्या किल्ल्या रात्रीच्या शिक्षकांच्या हाती द्याव्यात. त्यासाठी नवी इमारत लागत नाही.