टीय

टीय : (इ. स. पू. चौदावे शतक). प्राचीन ईजिप्तच्या अठराव्या राजवंशातील फेअरो तिसरा आमेनहोतेप (कार. इ. स. पू. सु. १३९०–१३५२) याची पट्टराणी, आक्नातेनची माता आणि तूतांखामेनची आजी. टीय राजकन्या नव्हती. राजरक्ताचा अभिमान बाळगणाऱ्या घराण्यात राजवंशाबाहेरची मुलगी केवळ पट्टराणी झाली असे नव्हे, तर तिचे नाव राजाच्या नावाशेजारी उघडपणे व सातत्याने कोरले गेले. हे तिच्या चरित्राचे वैशिष्ट्य होय.

टीयचे वडील यूया व आई थूया ही ऊर्ध्व ईजिप्तमधील अखमीम येथील प्रतिष्ठित कुटुंबातील होती. यूया हा तेथील मिन देवाचा पुजारी असून राजाच्या अश्वदलाचा अधिकारीही होता. थूया आमोन व मिन यांच्या मंदिरसेवेत होती. टीयचा भाऊ आनेन हा थीब्झ येथे आमोनचा द्वितीय पुरोहित होता. पुढे फेअरो झालेला आय हाही तिचा भाऊ असावा, असे काही विद्वान मानतात. तथापि त्यास प्रत्यक्ष लेखी पुरावा नाही.

आमेनहोतेपने आपल्या कारकीर्दीतील घटना जाहीर करण्यासाठी भुंगेऱ्याच्या आकाराच्या मोठ्या मुद्रा करवून त्या दूरवर पाठविल्या. अशा दोनशेहून अधिक मुद्रा उपलब्ध आहेत. कारकीर्दीच्या दुसऱ्या वर्षाच्या मुद्रेवर टीयचा पट्टराणी म्हणून निर्देश आहे. म्हणजे राज्यारोहणाच्या सुमारासच हा विवाह झाला असला पाहिजे. एका मुद्रेत तिच्या मातापित्यांची नावे देऊन, ज्याच्या राज्याची सीमा दक्षिणेस कारोय व उत्तरेस नहारीन येथवर भिडते त्या राजाची ती पत्नी आहे, असे म्हटले आहे. मातापित्यांच्या नावांपुढे कोणतीही पदवी नाही. राणीचे कूळ लपविण्याचा यत्न येथे दिसत नाही. उलट ते सर्वांस कळावे, असाच हेतू दिसतो. दहाव्या वर्षी मितानीच्या शुत्तर्ण राजाची कन्या गिलुखेपा ३१७ स्त्रियांसह विवाहासाठी ईजिप्तमध्ये आली. त्या प्रसंगाच्या मुद्रेवरही आरंभी टीय व तिचे मातापिता यांचीच नावे असून परदेशी राजकन्येचा उल्लेख त्यानंतर येतो. अकराव्या वर्षी राजाने टीयसाठी तिच्या जारूखा या नगरीत ३,७०० हात लांब व ७०० हात रुंद (सु. १·९ किमी. × ३७० मी.) जलाशय खोदविण्याची आज्ञा दिली आणि पंधरवड्याने ‘तेजस्वी आतेन’ नावाच्या नौकेतून त्यात विहार केला.

शिल्पांतही तिचे हे स्थान व्यक्त झाले आहे. मेदिनेत हाबू येथे मिळालेल्या व कैरोच्या संग्रहालयात ठेवलेल्या सु. ७ मी. उंचीच्या युग्ममूर्तीत ती राजाच्या बरोबरीच्या उंचीची आहे. ईजिप्तच्या राजशिल्पांत राणी सामान्यतः लहान दाखवीत. तिचा कारभारी खेरूएफ याच्या थडग्यातील एका चित्रात ती स्फिंक्सच्या रूपात शत्रुस्त्रियांना पायदळी तुडविताना दिसते. नूबियात सोलेब येथे राजाने स्वतःसाठी मंदिर बांधले, तर जवळच सेदेइंगा येथे टीयसाठी. गुरोब येथील, सध्या बर्लिनमध्ये असलेले तिचे लहानसे काष्ठशीर्ष प्रौढ वयातील करारी मुद्रेसाठी प्रसिद्ध आहे.

टीयच्या अपत्यांपैकी युवराज थुतमोस पित्याच्या हयातीतच निवर्तला व चौथा आमेनहोतेप (नंतरचा आक्नातेन) गादीवर आला. सीतामून, इसेत, हेनुत्तानेब व नेबेताह या तिच्या कन्या होत. पैकी सीतामून व इसेत यांना आमेनहोतेपच्या कारकीर्दीच्या उत्तरार्धात पट्टराणीचे पद मिळाले. परंतु त्यामुळे टीयच्या प्रतिष्ठेस उणेपणा आला नाही.

पतीच्या निधनानंतर तिच्या राजकीय अनुभवाची साक्ष अमार्ना येथे १८८७ मध्ये सापडलेल्या मृत्पत्रांवरून मिळते. मितानीचा राजा तुश्रत्त याने थेट तिलाच पत्र लिहिले. आमेनहोतेपने कबूल केलेल्या भरीव सोन्याच्या मूर्तींऐवजी नव्या राजाने सोन्याने मढविलेल्या लाकडी मूर्ती पाठविल्या, अशी त्याची तक्रार होती. दोन्ही राजांत झालेली बोलणी टीयला ठाऊक असल्याने तिनेच मुलास समजवावे, अशी त्याची अपेक्षा होती. आक्नातेनलाही तो आईला विचारण्यास सांगतो. अमार्ना येथील तिचा कारभारी हूया याच्या थडग्यात आक्नातेन व नेफरतीती यांच्यासमवेत भोजन करणाऱ्या टीयचे चित्र असून तिच्याजवळ बाकेतातेन ही लहान राजकन्या आहे. त्याच थडग्यात आक्नातेनच्या बाराव्या वर्षाचा प्रसंग कोरला आहे. त्यानंतर थोड्याच काळात तिचे निधन झाले असावे.

हयातीत जिचे नाव सर्वत्र गाजले, तिचा देह मात्र निनावी उरला. राजांच्या दरीत १९०५ मध्ये यूया व थूया यांचे जवळजवळ अबाधित थडगे सापडले. १९०७ मध्ये दुसऱ्या एका थडग्यात आक्नातेनने आईसाठी करविलेल्या सोनेरी देव्हाऱ्याचे भाग मिळाले. त्यामुळे तेथील शव टीयचेच, असा समज झाला, परंतु ते पुरुषाचे निघाले. वस्तुतः १८९८ मध्येच व्हिक्टर लोरे याला दुसऱ्या आमेनहोतेपच्या थडग्यात तीन अनामिक शवे आढळली होती. त्यांतील मोकळ्या लांब केसांची व डावा हात छातीवर दुमडलेली स्त्री ‘प्रौढ स्त्री’ या नावाने ओळखली जाई. तूतांखामेनच्या थडग्यात टीयचे नाव कोरलेल्या छोट्या शवपेटिकेत केसांची बट मिळाली होती. तिचे या शवाच्या केसांशी साम्य असल्याचा निष्कर्ष १९७८ मध्ये प्रसिद्ध झाला, पण त्याविषयी शंका घेतल्या गेल्या. २०१० मध्ये प्रसिद्ध झालेल्या आनुवंशिक तपासणीने ही स्त्री यूया व थूया यांची कन्या असल्याचे दाखविले व टीयची ओळख पटली. १९०७ चे पुरुषशव तिच्या पुत्राचे व तूतांखामेनच्या पित्याचे ठरले. ते बहुतेकांच्या मते आक्नातेनचे, तर काहींच्या मते स्मेन्खकारेचे आहे. लोरेला मिळालेली दुसरी, तरुण स्त्री ही टीयचीच कन्या व तूतांखामेनची माता ठरली. म्हणजे टीय ही तूतांखामेनची आजी पित्याकडून व मातेकडून अशी दोन्ही बाजूंनी होती.

३ एप्रिल २०२१ रोजी कैरोत बावीस राजशवे समारंभपूर्वक नव्या संग्रहालयात नेण्यात आली. त्यांत चार राण्या होत्या आणि त्यांपैकी एक टीय होती. ज्या मातापित्यांची नावे राजाने पदवीविना कोरविली, त्यांच्याच देहांच्या साक्षीने त्यांच्या कन्येला तिचे नाव परत मिळाले.