कंपनांनी वळलेला प्रकाश : बेंगळुरूतील रामन–नाथ सिद्धांत (१९३५–३६)

१. प्रस्तावना

‘डॉक्टर हू’ या बीबीसीच्या विज्ञानकथा मालिकेत १९६८ साली ‘सोनिक स्क्रूड्रायव्हर’ नावाचे एक काल्पनिक उपकरण प्रथम दिसले. ते हातात मावते आणि ध्वनिकंपनांच्या जोरावर, स्पर्श न करता, वस्तूंवर काम करते. सुरुवातीला त्याने स्क्रू काढले. पुढे ते कुलपे उघडू लागले, यंत्रे बिघडवू लागले आणि दुरुस्तही करू लागले. प्रत्येक संकटावर तोच एक तोडगा होऊ लागला, तेव्हा १९८२ मध्ये निर्मात्यांनी ते कथेतच नष्ट करून टाकले. नंतर मात्र ते परत आले.

कंपनांनी समोरची वस्तुस्थिती खरोखर बदलता येते का, आणि येत असेल तर किती? या प्रश्नाच्या एका भागाचे नेमके उत्तर ही मालिका सुरू होण्याच्या जवळजवळ तीन दशके आधी बेंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेत मिळाले होते. या टिपणात त्या उत्तराचा आणि ते ज्या परिस्थितीत मिळाले तिचा इतिहास पाहू.

२. पार्श्वभूमी

१८८० मध्ये पिअर आणि झाक क्युरी या बंधूंनी दाबविद्युत् परिणाम शोधला. क्वार्ट्झसारख्या स्फटिकावर दाब दिला की विद्युत्भार निर्माण होतो. याच्या उलट, बदलता विद्युत्दाब दिला की स्फटिक कंप पावतो. त्यामुळे कानाला ऐकू न येणारा, सेकंदाला लाखो कंपनांचा श्राव्यातीत ध्वनी निर्माण करणे शक्य झाले.

द्रवातील ध्वनितरंग प्रकाशाला वळवतील, असे भाकीत फ्रेंच शास्त्रज्ञ लेऑन ब्रिलवँ यांनी १९२२ मध्ये केले. १९३२ मध्ये अमेरिकेत डिबाय व सीअर्स यांनी आणि फ्रान्समध्ये लुका व बिकार यांनी ते प्रयोगाने दाखवले. मात्र प्रयोगात एक अडचण दिसली. ध्वनीने भारलेल्या द्रवातून आलेला प्रकाश मध्यरेषेच्या दोन्ही बाजूंना अनेक रेषांत विभागला जात होता. इतक्या रेषा का पडतात आणि त्यांची तीव्रता अशी कमीजास्त का होते, याचा उलगडा होत नव्हता.

३. रामन आणि नागेंद्रनाथ

चंद्रशेखर वेंकट रामन १९३३ मध्ये भारतीय विज्ञान संस्थेचे पहिले भारतीय संचालक झाले. प्रकाशाच्या विकिरणावरील कामासाठी त्यांना १९३० चे नोबेल पारितोषिक मिळाले होते. ध्वनी हा त्यांचा त्याहून जुना विषय. कलकत्त्यात असताना त्यांनी व्हायोलिन, तबला व मृदंग यांच्या कंपनांचा अभ्यास केला होता. तबल्याच्या शाईमुळे कातड्याच्या कंपनांतून सुरेल स्वरक उमटतात, हे त्यांनी दाखवले. १९३४ मध्ये त्यांनी बेंगळुरूत इंडियन अकॅडमी ऑफ सायन्सेसची स्थापना केली.

याच अकादमीच्या नियतकालिकात १९३५–३६ मध्ये रामन आणि त्यांचे तरुण सहकारी एन. एस. नागेंद्रनाथ यांचे पाच शोधनिबंध प्रसिद्ध झाले. त्यांतील मूळ कल्पना साधी आहे. पाण्यात ध्वनीचा वेग सेकंदाला सुमारे १५०० मीटर असतो. म्हणून सेकंदाला एक कोटी कंपने असतील, तर तरंगलांबी सुमारे ०.१५ मिलिमीटर येते. तरंगामुळे द्रवात दाट आणि विरळ पट्टे एकाआड एक तयार होतात. दाट भागात प्रकाश किंचित हळू जातो, विरळ भागात किंचित वेगाने. त्यामुळे आत शिरताना सपाट असलेले तरंगाग्र बाहेर पडताना पन्हाळी पत्र्यासारखे नागमोडी होते. अनेक रेषा पडतात त्या या नागमोडीमुळे. प्रत्येक रेषेची तीव्रता बेसेल फलनाच्या वर्गावरून काढता येते. ध्वनी वाढवत नेला की मधली रेषा मंदावत जाते, एका टप्प्यावर नाहीशी होते आणि पुढे पुन्हा उजळते. हे वर्तन आता गणिताने सांगता येऊ लागले.

ध्वनी थांबला की द्रव पूर्ववत होतो. कंपने पदार्थ कायमचा बदलत नाहीत, ती प्रकाशाची वाट तेवढी बदलतात.

४. संस्थेतील वाद

हे निबंध शांत वातावरणात लिहिले गेले नाहीत. जमशेटजी टाटा यांच्या देणगीतून उभ्या राहिलेल्या या संस्थेकडून उद्योगांना उपयोगी पडेल अशा संशोधनाची अपेक्षा होती. रामन यांनी भौतिकशास्त्राचा नवा विभाग उभारला, त्यासाठी इतर विभागांच्या, विशेषतः रसायनशास्त्राच्या, वाट्याला कात्री लागते अशी तक्रार झाली. नाझी जर्मनीतून बाहेर पडलेले माक्स बोर्न १९३५ मध्ये काही महिने बेंगळुरूत शिकवायला होते. त्यांना कायम जागा द्यावी हा रामन यांचा प्रयत्न सफल झाला नाही. १९३६ मध्ये सर जेम्स आयर्विन यांच्या समितीने संस्थेच्या कारभाराची पाहणी केली. १९३७ मध्ये रामन यांनी संचालकपद सोडले. १९४८ पर्यंत ते तिथेच प्राध्यापक म्हणून राहिले.

५. उपयोग

१९६० मध्ये पहिला लेसर तयार झाला आणि चित्र पालटले. लेसरचा झोत ध्वनीच्या साहाय्याने वळवणारी, कमीजास्त करणारी उपकरणे बनू लागली. सुरुवातीच्या लेसर प्रिंटरमध्येही ती वापरली गेली. यांपैकी बरीच उपकरणे ‘ब्रॅग’ पद्धतीने चालतात, म्हणजे त्यांत मुख्यतः एकच वळलेली रेषा मिळते. परंतु अनेक रेषा मिळण्याच्या स्थितीला आजही जगभर ‘रामन–नाथ’ हेच नाव आहे.

६. समारोप

या इतिहासावरून ‘रामन बरोबर होते आणि टीकाकार चुकले’ असा निष्कर्ष काढणे सोपे आहे, पण तो योग्य नाही. लेसर १९३६ मध्ये कुणालाच दिसत नव्हता. मर्यादित पैशाच्या वाटणीबद्दलची इतर विभागांची तक्रार त्या काळाच्या दृष्टीने गंभीर होती. दुसरीकडे, उपयोग दिसत नाही म्हणून हे काम थांबवले असते, तर पुढच्या अभियंत्यांना हे तयार गणित मिळाले नसते. काल्पनिक उपकरण कळ दाबताच काम करते. इथे मात्र १८८० चा स्फटिक, १९३२ चा प्रयोग, १९३५ चे गणित आणि १९६० चा लेसर एकत्र यावे लागले. त्या साखळीतील एक कडी बेंगळुरूत घडली.

स्वाध्याय

१. १९३२ च्या प्रयोगांनी कोणता प्रश्न अनुत्तरित ठेवला होता?
२. ‘पन्हाळी पत्र्या’च्या उपमेने प्रकाशाच्या विवर्तनाचे स्पष्टीकरण करा.
३. मूलभूत संशोधनावरील खर्चाचे मूल्यमापन त्याच काळाच्या निकषांवर करावे की नंतरच्या उपयोगावरून? १९३६ च्या वादाच्या आधारे चर्चा करा.