कोर्तेसच्या पत्रातली मशीद

मेक्सिको जिंकणारा स्पॅनिश सेनानी एर्नान कोर्तेस आपल्या राजाला लांबलचक पत्रे लिहीत असे. स्पॅनिश साहित्यात ती आजही वाचली जातात. त्यांतले १५२० सालचे पत्र अनुवादातून वाचताना मी एका शब्दाशी थबकलो. चोलुला शहरात उंचावरून आपण ४३०हून अधिक बुरूज मोजले, असे तो सांगतो; पण तिथल्या देवळांना म्हणतो 'मेस्कीता', म्हणजे चक्क मशीद! माझी 'मशीद' आणि त्याची 'मेस्कीता', दोन्ही एकाच अरबी शब्दाची लेकरे.

मेक्सिकोत तेव्हा मशीद कुठली असायला? पण १४९२ साली स्पेनमधले शेवटचे मुस्लिम राज्य, ग्रॅनाडा, पडले तेव्हा हा लहान मुलगा होता. परक्यांचे प्रार्थनास्थळ म्हटले की त्याच्या ओठांवर हाच शब्द. उपमा मलाही सुचतात. पण माझ्यामागे फौज नसते. १५१९ साली याच चोलुलात, कटाचा आरोप ठेवून, दोन तासांत ३,०००हून अधिक माणसे मारल्याचे त्याच पत्रात आहे.

तिथल्या नाहुआत्ल भाषेत देवळाला 'तेओकाली' म्हणत. तेओ म्हणजे देव, काली म्हणजे घर. आपले 'देऊळ'ही 'देवकुल'वरूनच आलेले.