आदेश शासनाला, शिक्षा अधिकाऱ्याला

सरकारविरुद्धची याचिका जिंकली म्हणजे प्रकरण संपले, असे प्रथमच न्यायालयाची पायरी चढणाऱ्याला वाटते. प्रत्यक्षात निवृत्तिवेतन, बढती किंवा भूसंपादनाचा मोबदला यांसारख्या प्रकरणांत निकालाची प्रत संबंधित विभागाच्या आवक नोंदवहीत पोहोचते आणि अनेकदा तिथेच मुक्काम करते. अशा वेळी याचिकादाराच्या हाती उरते ती अवमान याचिका.

अवमानाबद्दल शिक्षा करण्याचा अधिकार राज्यघटनेच्या अनुच्छेद १२९ अन्वये सर्वोच्च न्यायालयाला आणि अनुच्छेद २१५ अन्वये उच्च न्यायालयांना आहे. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ नुसार न्यायालयाचा आदेश किंवा न्यायालयाला दिलेली हमी बुद्धिपुरस्सर मोडणे म्हणजे दिवाणी अवमान. सारा वाद ‘बुद्धिपुरस्सर’ या एका शब्दाभोवती फिरतो. निधी उपलब्ध नव्हता, फाईल वित्त विभागाकडे होती, आदेशाचा अर्थ संदिग्ध होता, ही सरकारी पक्षाची ठरलेली उत्तरे. नुसते अपील दाखल केल्याने मात्र आदेशाला स्थगिती मिळत नाही. याचिकादारालाही मुदतीचे बंधन आहे. अवमान घडल्यापासून एक वर्षानंतर कार्यवाही सुरू करता येत नाही.

कमाल शिक्षा सहा महिने साधी कैद, दोन हजार रुपये दंड किंवा दोन्ही. माफीने न्यायालयाचे समाधान झाल्यास शिक्षा माफही होते. दोन हजारांच्या दंडाला कोणताही सचिव भिणार नाही. धाक असतो तो नावाचा. मूळ याचिकेत प्रतिवादी ‘महाराष्ट्र शासन’ असते, अवमान याचिकेत मात्र अधिकाऱ्याला व्यक्तिशः उत्तर द्यावे लागते. त्यामुळेच वर्षानुवर्षे रखडलेला शासन आदेश कित्येकदा सुनावणीच्या आदल्या दिवशी निघतो.

माफी नेहमीच पुरेशी ठरत नाही, याचा अनुभव महाराष्ट्राने २००६ मध्ये घेतला. विनापरवाना आरागिरण्या, तसेच व्हिनिअर व प्लायवूड उद्योग बंद करावेत आणि नवे परवाने देऊ नयेत, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने ४ मार्च १९९७ रोजी गोदावर्मन प्रकरणात दिला होता. तरीही २००४ मध्ये राज्यात काही उद्योगांना परवानगी देण्यात आली. त्या वेळचे वनमंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वन विभागाचे प्रधान सचिव अशोक खोत यांना न्यायालयाने मे २००६ मध्ये दोषी ठरविले, माफी नाकारली आणि प्रत्येकी एक महिन्याची साधी कैद सुनावली. नाईक यांना मंत्रिपद सोडावे लागले. त्यापूर्वी १९९५ मध्ये कर्नाटकातील सनदी अधिकारी जे. वासुदेवन यांनाही एका अभियंत्याच्या सेवाविषयक प्रकरणात एक महिन्याची कैद झाली होती. त्या मानाने बाबरी मशिदीच्या परिसरातील बांधकामाबाबतची हमी मोडल्याबद्दल उत्तर प्रदेशचे माजी मुख्यमंत्री कल्याणसिंह यांना १९९४ मध्ये झालेली शिक्षा सौम्यच म्हणायची: एक दिवसाची प्रतीकात्मक कैद व दोन हजार रुपये दंड.

या अस्त्राचा वापर किती करावा, हा प्रश्नही उपस्थित झाला. निवृत्त न्यायमूर्तींच्या सुविधांच्या प्रकरणात अलाहाबाद उच्च न्यायालयाने एप्रिल २०२३ मध्ये उत्तर प्रदेशच्या वित्त विभागातील अधिकाऱ्यांना ताब्यात घेण्याचे आदेश दिले. सर्वोच्च न्यायालयाने त्यांना लगेच स्थगिती दिली आणि ३ जानेवारी २०२४ रोजी कार्यपद्धती ठरवून दिली. त्यानुसार अवमान प्रकरणातही आधी नोटीस देऊन खुलासा मागवावा, हजेरी आवश्यक वाटल्यास प्रथम दूरदृश्य प्रणालीचा पर्याय द्यावा. आदेश पाळण्यास दिलेला अवधी अपुरा असल्यास सरकारला मुदतवाढ मागता येईल.