जाफन्यातील ५४ वी डिव्हिजन

विद्यार्थी मित्रहो, नकाशात रामेश्वरच्या पलीकडे पाहा. श्रीलंकेच्या उत्तर टोकाला जाफना आहे. २९ जुलै १९८७ च्या करारानंतर आपली ५४ वी इन्फंट्री डिव्हिजन तेथे गेली, ती तामिळ गटांची शस्त्रे उतरवून घेऊन शांतता राखायला. ऑक्टोबरात तिला त्यांच्यातल्याच 'वाघां'शी लढावे लागले. ११ ऑक्टोबरच्या रात्री शीख लाइट इन्फंट्रीचे ३० जवान हेलिकॉप्टरने विद्यापीठाच्या मैदानात उतरले. वाघांनी आपले बिनतारी संदेश आधीच ऐकले होते! २९ जण पडले, एक कैद झाला. शहर घ्यायला दोन आठवडे लागले. त्यातच जाफन्याच्या इस्पितळात आपल्या सैनिकांच्या गोळ्यांनी डॉक्टर, परिचारिका, रुग्ण मेले. पालकहो, मुलांना हेही सांगावे.

मुंबईत जन्मलेले, ८ महारचे मेजर रामस्वामी परमेश्वरन २५ नोव्हेंबरला छातीत गोळी लागूनही लढले; त्यांना मरणोत्तर परमवीर चक्र मिळाले.

सुमारे १२०० जवान गमावून सेना मार्च १९९० मध्ये परतली. त्याच ऑक्टोबरात वाघांनी जाफन्यातील मुसलमानांना दोन तासांत घराबाहेर काढले. कित्येक कुटुंबे पुत्तलमच्या छावण्यांत वर्षानुवर्षे राहिली.