वारणेच्या उसाचा एसएमएस

उसाच्या हिशेबाला माहिती लागते ती मोजकीच. कारखान्याला कळायला हवं की कोणाच्या किती गुंठ्यांत ऊस आहे, जात कोणती आणि लागण कधीची. शेतकऱ्याला हवं असतं दोनच गोष्टींचं उत्तर: तोड कधी मिळणार आणि टनेज किती भरलं.

या देवाणघेवाणीसह इतर कामांसाठी १९९८ मध्ये कोल्हापूर-सांगलीच्या सीमेवरच्या वारणा खोऱ्यात 'वायर्ड व्हिलेज' हा संगणकीकरणाचा मोठा प्रयोग मांडला गेला. निम्मा खर्च केंद्राचा, ४० टक्के राज्याचा, उरलेला वारणेतल्या संस्थेचा. जागा हुशारीनं निवडलेली होती. तात्यासाहेब कोरे यांनी उभारलेल्या सहकारामुळे साखर कारखाना, दूध संघ आणि शिक्षणसंस्था वारणानगरात आधीच पाय रोवून होत्या. खोऱ्यातल्या ७० गावांचा आराखडा झाला आणि ५४ गावांत संगणक केंद्रं उघडली.

स्वप्नं मात्र उसापुरती नव्हती. बाजारभाव, पीक सल्ला, सरकारी कागदपत्रं आणि इंटरनेट असं सगळं गावात येणार होतं. प्रत्यक्षात लोक केंद्रात गेले ते मुख्यतः उसाच्या कामासाठी: नोंद घालायला, तोडीची चौकशी करायला, टनेजची चिठ्ठी घ्यायला. त्यांचं चुकलं असं म्हणता येणार नाही. तोडलेला ऊस शेतात पडून राहिला की वजन आणि साखर दोन्ही घटतात. तोडीच्या दिवसांत शेतकऱ्याला दुसऱ्या कुठल्याही माहितीपेक्षा आपल्याच फडाची चिंता जास्त असते.

उपकरणं मात्र म्हातारी होत गेली. संगणकाला वीज लागते, दुरुस्ती लागते, आणि भारनियमनाचे ते दिवस कोल्हापूरकरांना वेगळे सांगायला नकोत. मग 'मायक्रोसॉफ्ट रिसर्च इंडिया'च्या संशोधकांनी उलटा प्रश्न विचारला: या कामाला संगणक लागतोच कशाला? २००७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या 'वारणा अनवायर्ड' या प्रयोगात सात गावांतल्या संगणकांचं काम मोबाइलवर आणलं. सगळ्या नोंदी कारखान्याकडच्या संगणकातच राहिल्या, त्याला एक फोन जोडला, आणि गावातून एसएमएस गेला की नोंदीतून उत्तर काढून परत एसएमएसनेच पाठवलं जाऊ लागलं. चाचणी आठ महिने चालली. संगणकाचं काम फोननं निभावलं, तेही कमी खर्चात.

हे जमलं ते निरोप मुळातच आखूड असल्यामुळे. रोमन लिपीतल्या एका एसएमएसमध्ये १६० अक्षरं मावतात. देवनागरीत हा आकडा ७० वर येतो, आणि त्यात काना, मात्रा, अनुस्वार सगळे वेगळे मोजले जातात. पीक सल्ल्याचा परिच्छेद त्यात कोंबता आला नसता. सभासद क्रमांक, तारीख आणि टनांचा आकडा मात्र आरामात बसतो. मोठ्या योजनेतून गावानं वापरून जेवढं शिल्लक ठेवलं होतं, तेवढंच या फोनमध्ये उतरलं.

आता गाडी काट्यावरून उतरली की वजनाचा एसएमएस शेतकऱ्याच्या स्वतःच्या मोबाइलवर पाठवणारे कारखाने राज्यात ठिकठिकाणी आहेत. वजनाच्या चिठ्ठीसाठीचा हेलपाटा त्यामुळे वाचतो. तोडीचा घोळ मात्र वेगळा. तोडीच्या पाळीपत्रकात नाव असलं तरी तोडणीची टोळी फडात वेळेवर येईल याची खात्री नसते, आणि आलेली टोळी वर 'खुशाली' म्हणून पैसे मागते ही तक्रार दर हंगामात होते. त्या रकमेची नोंद मात्र ना चिठ्ठीवर असते, ना एसएमएसमध्ये.